फ्लॉरेन्सचे पूल पायी कसे पाहावेत: पोंते आल्ले ग्रात्सिएपासून कोल्हापूरच्या महाराजांच्या छत्रीपर्यंत

फ्लॉरेन्सला जाणारी बहुतेक मराठी मंडळी पोंते व्हेक्किओवर, म्हणजे ‘जुन्या पुला’वर, उभी राहून छायाचित्रे काढतात आणि पूल पाहिला असे समजून पुढे निघतात. पण ज्या पुलावर आपण उभे असतो तो पूल आपल्याला दिसतच नाही. तो पाहायचा असेल तर शेजारच्या पुलावर जावे लागते. आर्नो नदीवरचे पूल क्रमाने, प्रवाहाच्या दिशेने चालत पाहावेत असे मी ओळखीच्या प्रत्येक पाहुण्याला सांगतो, ते याचसाठी. दुसरेही एक कारण आहे. ही वाट चालत राहिलो तर शेवटी ती आपल्याला कोल्हापूरच्या एका तरुण राजाच्या छत्रीपाशी नेऊन सोडते. जुन्या पुलावरूनच परत फिरणाऱ्याला तिचा पत्ताही लागत नाही.

पूर्ण वाट सुमारे सहा किलोमीटरची आहे. जुन्या शहरातला भाग जेमतेम सव्वा किलोमीटरचा असला तरी त्यालाच दोन-अडीच तास द्यावेत. वाटाडा घ्यायचा असेल तर तो याच भागासाठी घ्यावा. इटलीत या कामासाठी परवाना लागतो, तेव्हा वाटाड्याकडे अधिकृत ओळखपत्र आहे ना, हे ठरवतानाच विचारून घ्यावे. त्याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे ‘आम्हाला दालने नकोत, पूल पाहायचे आहेत’ हे आधीच स्पष्ट करावे, नाहीतर चांगला वाटाडासुद्धा सवयीने उफ्फिझी या कलासंग्रहालयाच्या दाराशी नेऊन उभा करतो. जुलै-ऑगस्टमध्ये नदीकाठच्या रस्त्यावर दुपारी सावली मिळत नाही. एप्रिल-मे किंवा सप्टेंबर-ऑक्टोबर हे महिने चालण्यासाठी उत्तम असतात.

सुरुवात सकाळी आठच्या सुमारास पोंते आल्ले ग्रात्सिएवरून करावी. सूर्य पाठीमागे, पूर्वेला असतो आणि समोर पोंते व्हेक्किओची प्रवाहाच्या वरच्या अंगाची बाजू कोवळ्या उन्हात उजळलेली असते. ज्या पुलावर आपण उभे असतो तो दिसायला साधा, विसाव्या शतकाच्या मध्यावरचा आहे. त्याच्या जागी तेराव्या शतकापासून जो दगडी पूल होता, त्याच्या खांबांवर लहानलहान घरे आणि देवघरे होती. त्यांपैकी काही घरांत जोगिणी स्वतःला कोंडून घेऊन राहत, म्हणून त्यांना ‘मुराते’, म्हणजे भिंतीआड गेलेल्या, असे म्हणत. पुढे त्यांचा मठ शहरात गेला आणि तेच नाव घेऊन गेला. पुलावरच्या एका देवघरातल्या मेरीमातेच्या नावावरून पुलाला ‘ग्रात्सिए’ हे नाव मिळाले. १८७६ मध्ये रस्ता रुंद करताना ही घरे पाडली गेली.

येथेच थांबून दोन तारखा मनात पक्क्या कराव्यात, कारण पुढची सगळी वाट त्यांच्याभोवती फिरते. ४ नोव्हेंबर १३३३ रोजी आर्नोला आलेल्या महापुराने खालचे तिन्ही पूल वाहून नेले आणि टिकला तो फक्त हा, ग्रात्सिएचा पूल. १९४४ च्या ऑगस्टमध्ये माघार घेणाऱ्या जर्मन सैन्याने ३ व ४ तारखांच्या दरम्यानच्या रात्री शहरातले पूल सुरुंग लावून उडवले, तेव्हा नेमके उलटे झाले. ग्रात्सिएचा पूल गेला आणि एकटा जुना पूल वाचला. नदीने ज्याला सोडले त्याला माणसांनी सोडले नाही.

आता नदीच्या उत्तर काठाने जुन्या पुलाकडे चालावे. वाटेत उफ्फिझीच्या पायथ्याशी, अगदी पाण्यालगत, नौकानयन मंडळाची हिरवळ दिसते. सकाळी सरावाला निघालेली होडी कमानीखालून जाताना दिसली तर तिच्यावरून कमानीच्या रुंदीचा अंदाज घ्यावा. मधली कमान सुमारे ३० मीटर रुंद आहे, पण तिची उंची साडेचार मीटरही नाही. रोमन पद्धतीची अर्धवर्तुळाकार कमान इतकी रुंद करायची म्हटली तर ती पंधरा मीटर उंच न्यावी लागली असती आणि पूल उंटाच्या पाठीसारखा झाला असता. नाहीतर नदीत खांब वाढवावे लागले असते आणि पुराच्या वेळी त्याच खांबांनी पाणी अडवले असते. १३३३ चा पूर डोळ्यांसमोर असलेल्या कारागिरांनी १३४५ मध्ये वर्तुळाचा फक्त एक उथळ तुकडा घेतला आणि तीन कमानींत नदी पार केली. युरोपात एवढ्या मोठ्या मापाचे असे धाडस यापूर्वी क्वचितच झाले होते. पुलाचा कर्ता कोण याविषयी ताद्देओ गाद्दी आणि नेरी दि फिओराव्हान्ते अशी दोन नावे घेतली जातात.

पुलावर चढल्यावर सोन्याच्या दुकानांकडे लक्ष जाणारच, आणि जावेही. १५९३ पर्यंत येथे खाटकांची दुकाने होती आणि टाकाऊ मांस थेट नदीत पडत असे. शहरावर राज्य करणाऱ्या मेदिची घराण्यातला ग्रँड ड्यूक फेर्दिनांदो पहिला याने त्यांना हलवून येथे सराफांना आणले, कारण दुकानांच्या माथ्यावरून त्याच्या घराण्याची खासगी वाट जात होती. ही वाट म्हणजे वास्तुविशारद जॉर्जो वासारीने १५६५ मध्ये पाच महिन्यांत बांधलेला बंदिस्त मार्ग. डाव्या हाताला, दुकानांच्या वर, ओळीने लहान खिडक्या दिसतात तो हाच. २०२४ च्या डिसेंबरपासून तो पुन्हा लोकांसाठी खुला झाला आहे, मात्र त्याचे तिकीट उफ्फिझीमार्फत आधी काढून ठेवावे लागते. पुलाच्या दक्षिण टोकाला मान्नेल्ली घराण्याचा मनोरा आहे. त्या घराण्याने तो पाडू दिला नाही, म्हणून राजघराण्याच्या या वाटेला मनोऱ्याला वळसा घालून जावे लागले. दगडी टेकूंवर तोललेला तो वळसा खाली उभे राहून अवश्य पाहावा.

दुकाने उघडण्यापूर्वी पोहोचलात तर एक गोष्ट जवळून पाहायला मिळते. जाड लाकडाच्या, लोखंडी पट्ट्या मारलेल्या झडपा बंद असताना प्रत्येक दुकान एखाद्या जुन्या वाड्यातल्या पेटाऱ्यासारखे दिसते. साडेनऊ-दहाच्या सुमारास त्या उघडल्या की तीच झडप वर जाऊन छप्पर होते आणि आतून सोने झळकू लागते. पुलाच्या मध्यावर दुकानांची रांग तुटते. तेथे सोनार-शिल्पकार बेन्वेनुतो चेल्लिनी याचा अर्धपुतळा आहे आणि जवळच गेर्हार्ड वोल्फ या जर्मन वाणिज्यदूताच्या स्मरणार्थ २००७ मध्ये बसवलेली शिला आहे. पूल वाचवण्यात त्याचा मोठा वाटा होता असे शहर मानते. पूल वाचला, पण दोन्ही टोकांची जुनी घरे सैन्याने रस्ता अडवण्यासाठी जमीनदोस्त केली. म्हणूनच पुलाच्या तोंडाशी असलेल्या इमारती पुलापेक्षा इतक्या नव्या दिसतात.

आता दक्षिण काठाने पोंते सांता त्रिनितावर यावे. माझ्या मते फ्लॉरेन्समधला, किंबहुना मी पाहिलेल्यांतला, सर्वांत सुंदर पूल हाच आहे आणि त्यासाठी अर्धा तास तरी राखून ठेवावा. १५५७ च्या पुरात आधीचा पूल गेल्यावर बार्तोलोमेओ अम्मान्नाती याने तो १५६७ पासून पुढच्या काही वर्षांत बांधला. त्याच्या तीन कमानींचा आकार कोणत्याही सरळ भूमितीत बसत नाही. दोन टोकांना धरलेली साखळी सैल सोडल्यावर तिला जो झोल येतो, तो उलटा करून पाहावा तशी ती रेषा आहे. पुलावर उभे राहून ती कळणार नाही. काठावर थोडे मागे जाऊन, पाण्यातल्या प्रतिबिंबासह पाहावी.

पुलाच्या चार कोपऱ्यांवर चार ऋतूंचे पुतळे आहेत. मेदिची घराण्यातल्या दुसऱ्या कोसिमोच्या १६०८ मधील लग्नाच्या निमित्ताने ते उभारले गेले. त्यांतली फुले घेतलेली स्त्री म्हणजे वसंत, आणि तिच्या मानेकडे निरखून पाहावे. १९४४ मध्ये पूल उडाला तेव्हा पुतळ्यांचे तुकडे नदीत पडले. ‘जिथे होता तिथे, जसा होता तसा’ या हट्टाने शहराने पूल पुन्हा उभारायला घेतला, नदीतून मूळ दगड वर काढले आणि कमी पडलेल्या दगडांसाठी बोबोली बागेतली जुनी खाण पुन्हा उघडली. १९५८ मध्ये पूल खुला झाला तेव्हा वसंताच्या पुतळ्याला शीर नव्हते. ते १९६१ मध्ये आर्नोच्या तळाशी सापडले आणि मग धडावर बसवले गेले. नव्या काँक्रीटचा स्वस्त पूल बांधणे सोपे असताना लोकांनी दगडादगडाने जुना पूल परत मिळवला, ही गोष्ट मला प्रत्येक वेळी हेलावून जाते.

पुढचा पोंते आल्ला कार्राया मधोमध पाठ वर काढून उभा आहे. तोही १९४४ नंतरच बांधलेला आहे. नावाप्रमाणे तो गाड्यांचा, बैलगाड्यांचा पूल. १३०४ च्या १ मे रोजी नदीतल्या होड्यांवर नरकाचा देखावा दाखवला जाणार होता. तो पाहायला इतकी गर्दी लोटली की तेव्हाचा पूल कोसळला आणि अनेक लोक मेले, असे तेव्हाच्या बखरकाराने नोंदवले आहे. येथून मागे वळून सांता त्रिनिताच्या तिन्ही कमानी एकदा नजरेत भरून घ्याव्यात.

वाटाड्याचा निरोप येथे घेता येतो. खाणे-पिणे आणि विश्रांती आटोपून दुसऱ्या टप्प्याला लागावे. सांता रोझाचा बंधारा आणि १९५७ चा व्हेस्पुच्ची पूल मागे टाकत काशिने उद्यानाच्या तोंडाशी यावे. मेदिची घराण्याच्या शेतीवाडीतून तयार झालेले हे उद्यान नदीकाठाने सुमारे साडेतीन किलोमीटर पसरले आहे. मंगळवारी सकाळी येथे मोठा बाजार भरतो, गर्दी नको असेल तर तो दिवस टाळावा. लहान मुले किंवा वयस्क माणसे बरोबर असतील तर स्टेशनाजवळून पहिल्या क्रमांकाची ट्राम धरून ‘काशिने’ थांब्यावर उतरावे आणि उरलेले अडीच-तीन किलोमीटर झाडांच्या सावलीतून चालावेत. पाण्याची बाटली भरून घ्यावी आणि संध्याकाळी डासांसाठी मलम जवळ ठेवावे.

उद्यान संपते तेथे मुन्योने ही लहान नदी आर्नोला मिळते. या संगमावर मेघडंबरीसारख्या छत्राखाली एका तरुणाचा रंगीत अर्धपुतळा दिसतो. डोक्याला फेटा आणि गळ्यात माळा. हे कोल्हापूरचे छत्रपती राजाराम महाराज (दुसरे). इंग्लंडच्या प्रवासाहून परतताना ३० नोव्हेंबर १८७० रोजी, अवघ्या विशीत, त्यांचे फ्लॉरेन्समध्ये निधन झाले. त्या काळी फ्लॉरेन्स ही इटलीच्या राज्याची राजधानी होती आणि तेथे दहनाची रीत नव्हती, तरी नगरपालिकेने परवानगी दिली. बरोबरच्या मंडळींनी दोन नद्यांचा संगम शोधून तेथे अग्नी दिला. पंचगंगेकाठी ज्यांच्या घराण्याच्या समाध्या आहेत, त्या राजासाठी परक्या मुलखात संगमच निवडला गेला, हे मराठी माणसाला वेगळे समजावून सांगावे लागत नाही. १८७४ मध्ये उभी राहिलेली ही छत्री चार्ल्स मँट यांच्या आराखड्यानुसार बांधली आहे. कोल्हापूरच्या नव्या राजवाड्याचे वास्तुविशारदही तेच. पुतळा चार्ल्स फुलर या शिल्पकाराचा आहे. चौथऱ्यावर इटालियन, इंग्रजी आणि भारतीय भाषांतले लेख आहेत, ते चारही बाजूंनी फिरून पाहावेत. शेजारी पादत्राणे काढून दोन मिनिटे उभे राहणारे मराठी प्रवासी मी पाहिले आहेत. तशी कोणी अपेक्षा करत नाही, पण मन होते.

आता मान वर करावी. समोरून जाणारा, पोलादी तारांनी तोललेला मोठा पूल म्हणजे १९७८ मध्ये पूर्ण झालेला पोंते आल्लिन्दिआनो, ‘हिंदी माणसापाशीचा पूल’. त्याचा मधला गाळा सुमारे २०० मीटरचा आहे, नदीत एकही खांब नाही, आणि त्याला हे नाव मिळाले ते या छत्रीमुळेच. वाहने वरून जातात, पादचाऱ्यांसाठी मात्र पुलाच्या पोटाखाली टांगलेली स्वतंत्र वाट आहे. तिच्यावरून मध्यापर्यंत जावे. एका बाजूला छत्रीचा कळस आणि संगम दिसतो, खालून आर्नो पिसाकडे वाहत असते. परतताना उद्यानातल्या त्याच वाटेने ट्रामच्या थांब्यावर यावे आणि अंधार पडण्यापूर्वी निघावे, कारण या टोकाला संध्याकाळनंतर वर्दळ फार कमी असते.