काळाशी खेळणारी किचन-लॅब कथेत कशी उभी करायची

स्वयंपाक आणि काळ एकत्र आणणारी संशोधन संस्था कथेत दाखवायचीय ना, मग टाइम मशीन वगैरे आधी विसरा, खऱ्या किचनमध्येच काळाची गंमत चालू असते ती उचला. प्रेशर कुकर घ्या, आतला दाब साधारण दुप्पट झाला की पाणी १०० ऐवजी १२० डिग्रीच्या आसपास उकळतं आणि तासाचं काम बरंच आधी उरकतं, झाला तुमचा 'काळ पळवा' विभाग (असलं भांडं १६७९ मध्येच आलंय बरं का, दनी पापँ या फ्रेंच शास्त्रज्ञाचं).

फ्रीजर उणे १८ वर, तो 'काळ थांबवा' विभाग. पण पूर्ण थांबत नाही हां, जंतू वाढत नाहीत तरी चरबी हळूहळू खवट होतेच, आणि कथेतला घोळ इथेच घाला, म्हणजे कोणीतरी जुना डबा उघडतं, वर बर्फाचा भुगा, खाली नुसता खवट वास.

उलटा काळ मात्र जपून वापरा. २०१५ मध्ये शास्त्रज्ञांनी उकडलेल्या अंड्याच्या पांढऱ्यातलं एक प्रोटीन परत पूर्ववत केलं होतं, पण त्यासाठी युरिया घातला, त्यामुळे ते खायचं नाही! तुमच्या संस्थेतल्या नव्या पोराला हे कोणीच सांगितलेलं नसतं.