मैदानावरून सेटवर: खेळाडूने चित्रपट-निर्मितीकडे कसे वळावे

खेळातून निवृत्त झालेल्या व्यक्तीने चित्रपटात काम करण्याची इच्छा बोलून दाखवली, की समोरून येणारा पहिला प्रस्ताव बहुधा तिच्याच जीवनपटाचा असतो. तो प्रस्ताव तूर्त बाजूला ठेवावा. जीवनपटात खेळाडू हा विषय असतो, कर्ता नसतो; त्यातून मानधन मिळेल, परंतु चित्रपट कसा घडतो याचे शिक्षण मिळेलच असे नाही. स्वतःविषयी सांगायचेच असेल, तर बास्केटबॉलपटू कोबी ब्रायंटने केले तसे करावे. त्याने २०१५ साली लिहिलेल्या निवृत्तीच्या पत्रावर काही मिनिटांचाच ॲनिमेशनपट झाला, त्याला २०१८ साली ऑस्कर मिळाले, आणि दिग्दर्शन मात्र ग्लेन कीन या मुरलेल्या ॲनिमेटरकडे होते.

शिकण्याची खात्रीची जागा म्हणजे सेटवरची सर्वांत खालची पायरी. एनएफएल या अमेरिकन फुटबॉलच्या व्यावसायिक लीगमध्ये वाइड रिसीव्हर, म्हणजे पास झेलणारा खेळाडू, असलेल्या मॅथ्यू चेरीने २००७ साली खेळ सोडल्यावर लॉस एंजेलिसमध्ये प्रॉडक्शन असिस्टंट, म्हणजे सेटवर पडेल ते काम करणारा मदतनीस, म्हणून सुरुवात केली. लघुपटासाठी त्याला ऑस्कर मिळाले ते २०२० साली. मधल्या वर्षांचा हिशेब नवख्याने नीट समजून घ्यावा. दिवसाचे बारा तास उभे राहणे, कॉल शीटवरील, म्हणजे चित्रीकरणाच्या रोजच्या वेळापत्रकातील, वेळेच्या आधी हजर होणे, सर्वांसमोर चूक दाखवली तरी मनात न धरणे, या गोष्टी खेळाडूच्या अंगवळणी पडलेल्या असतात. अडचण येते ती प्रसिद्धीची. कोणीतरी अदबीने खुर्ची पुढे करते. ती नाकारून वॉकीटॉकी मागून घ्यावा. शक्य झाल्यास कंटिन्युइटी, म्हणजे शॉटशॉटांमधील सुसंगती, सांभाळणाऱ्या व्यक्तीच्या शेजारी काही दिवस काढावेत, कारण पेला कोणत्या हातात होता आणि वाक्याच्या कोणत्या शब्दावर तो खाली ठेवला, याची नोंद ठेवताना दृश्याची सगळी शिवण उलगडत जाते.

मात्र खरे शिक्षण संकलनाच्या टेबलावर होते, असे माझे ठाम मत आहे. सामन्यांचे चित्रण पुन्हापुन्हा पाहण्याची सवय खेळाडूला असतेच. फरक एवढाच, की तेथे काय घडले हे शोधायचे असते आणि येथे प्रेक्षकाला काय, कधी आणि किती कळावे हे ठरवायचे असते. यासाठी एक छोटा सराव करावा. सामन्याआधी बोटांना टेप गुंडाळणारा एक खेळाडू, एवढाच विषय घ्यावा. सेकंदाला २४ फ्रेम आणि १/५० सेकंद शटर (प्रत्येक फ्रेमवर प्रकाश पडण्याचा वेळ) ठेवून आधी पूर्ण खोली, मग हात, मग चेहरा टिपावा. कॅमेरा त्याच्या एकाच बाजूला ठेवावा, म्हणजे शॉट जोडताना दिशा उलटी होत नाही. शेवटी सर्वांना गप्प बसवून खोलीची नुसती शांतता अर्धा मिनिट ध्वनिमुद्रित करावी, कारण संकलनात आवाजाचे सांधे झाकायला ती लागते. आता या साऱ्याचा एका मिनिटाचा पट करावा. पहिल्या जोडणीत टेपचा प्रत्येक वेढा असेल, कारण खेळाडूला प्रत्येक वेढा महत्त्वाचा वाटतो. त्यातील बहुतेक काढून टाकावेत. मग टेप फाटल्याचा आवाज चित्राच्या १२ फ्रेम, म्हणजे अर्धा सेकंद, आधी, पूर्ण खोलीच्या शॉटवरच ऐकवून पाहावा. त्या अर्ध्या सेकंदात प्रेक्षक कान टवकारतो, आणि हात दिसण्यापूर्वीच तो हाताची वाट पाहू लागतो.

विषय निवडतानाही विजयाच्या क्षणापेक्षा त्याच्या आसपासचे, बाहेरच्यांना न दिसणारे आयुष्य अधिक कामाचे ठरते. रॉन शेल्टन बेसबॉलच्या मायनर लीगमध्ये, म्हणजे मुख्य लीगखालच्या स्तरावर, काही वर्षे खेळला, वरच्या स्तरावर कधीच पोचला नाही, आणि १९८८ साली दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट केला तो त्याच खालच्या स्तरावरील खेळाडूंवर. त्याच्या पटकथेला ऑस्करचे नामांकन मिळाले.

एक व्यावहारिक बाब अनेकांच्या ध्यानात येत नाही: स्वतः केलेल्या गोलाचे चित्रण स्वतःच्या मालकीचे नसते. ते हक्क सहसा लीग, संघटना किंवा प्रक्षेपकाकडे असतात, त्यामुळे माहितीपटात असे चित्रण वापरण्याआधी लेखी परवाना घ्यावा आणि त्याचा खर्च अंदाजपत्रकात सुरुवातीलाच धरावा. जुन्या करारात नाव व छबीच्या वापराबद्दल काय अटी आहेत, हेही वकिलाकडून वाचून घ्यावे. खेळातून साठवलेली पुंजी मात्र पहिल्याच पूर्ण लांबीच्या चित्रपटात गुंतवू नये. त्याऐवजी तीन-चार लघुपट करावेत.

सर्वांत जड जाते ती धावफलकाची अनुपस्थिती. कापलेले दृश्य चांगले झाले की वाईट, हे कोणताही आकडा सांगत नाही, आणि संघातील जुने सहकारी कौतुकच करतात. म्हणून त्या खेळाचा गंध नसलेल्या तिघांना पट दाखवावा, त्यांना काहीही समजावून सांगू नये, आणि पडद्याकडे न पाहता त्यांच्याकडे पाहावे. कोणी खुर्चीत चुळबुळले, कोणी घड्याळ पाहिले, तर ती वेळ वहीत टिपावी आणि दुसऱ्या दिवशी संकलनाला तेथूनच सुरुवात करावी.