मांजराच्या मुताचा वास: आधी फिनेल बाजूला ठेवा

घरात मांजर मुतलं की आपला हात आधी फिनेलकडं जातो. तो आवरा. फिनेलनं वास नुसता दबतो, आणि पाय चाटताना ते मांजराच्या पोटात गेलं तर विषारी. ब्लीचिंग पावडर तर नकोच; मुतातल्या अमोनियाशी मिळून ती घशाला झोंबणारा घातक वायू सोडते.

खरं दुखणं युरिक आम्लाच्या कणांचं. ते पाण्यात नीट विरघळत नाहीत, ओल लागली की पुन्हा वास मारतात. भर उन्हाळ्यात कूलर लावल्यावर जुना कोपरा अचानक घाण मारायला लागतो, तो त्यामुळंच.

ताजं असेल तर सुती फडक्यानं दाबून टिपा, घासू नका. मग हे कण मोडणारं एन्झाइमचं क्लीनर ओता. ऑनलाइन किंवा पाळीव प्राण्यांच्या दुकानात मिळतं. लगेच पुसलंत तर पैसे वाया. बाटलीवर लिहिलाय तेवढा वेळ ओलं राहू द्या.

निम्मं पाणी घातलेलं व्हिनेगर सिरॅमिक टाइल्सवर चालतं. शहाबादी फरशीवर मात्र व्हिनेगर नको, लिंबूही नको. तो चुनखडीचा दगड, आम्ल त्याला खातं आणि पांढरट डाग कायमचे बसतात. तिथं फटींमध्येच मूत मुरलेलं असतं, म्हणून क्लीनर फटीत जिरवा.

वाकळ भिजली असेल तर तोच उपाय, मग धुऊन कडक उन्हात टाका. खायचा सोडा उरलासुरला वास ओढतो.

आणि बोका सारखा बसतोय पण थेंबही होत नसेल, तर साफसफाई राहू द्या, त्याच दिवशी जनावरांच्या डॉक्टरकडं न्या.