जंतूंची भीती आणि धुण्याची सक्ती: ती सैल कशी करावी

धुणे, पुसणे आणि त्याविषयीचे विचार यांत रोज तासाहून अधिक वेळ जात असेल, किंवा त्यापायी नोकरी, शाळा, स्वयंपाक अडत असेल, तर हा ओसीडी, म्हणजेच मंत्रचळ, आहे का हे मानसोपचारतज्ज्ञांकडून तपासून घ्यावे. सोवळे-ओवळे पाळणाऱ्या घरांत हा त्रास ‘शिस्त’ म्हणून वर्षानुवर्षे खपून जातो. सोवळे मात्र पूजा आटोपली की सुटते, हे सुटत नाही.

हात धुतल्यावर जिवाला लगेच बरे वाटते आणि नेमके तेच बरे वाटणे भीतीला पोसते, कारण न धुताही काही बिघडले नसते हे अनुभवण्याची संधी मनाला मिळतच नाही. मानसशास्त्रज्ञ व्हिक्टर मेयर यांनी १९६६ मध्ये लंडनमध्ये भीतीला सामोरे जायचे, पण धुण्याची कृती करायची नाही, या तत्त्वावरचे उपचार मांडले. आज ईआरपी (एक्स्पोजर अँड रिस्पॉन्स प्रिव्हेन्शन) म्हणून ओळखली जाणारी पद्धत त्यातूनच घडली. ती प्रशिक्षित मानसशास्त्रज्ञांच्या देखरेखीखाली करणे उत्तम.

प्रथम भीतीची यादी करावी आणि प्रत्येक गोष्टीला शून्य ते शंभर असे गुण द्यावेत: घराची कडी ३०, लिफ्टचे बटण ४५, एसटीतला दांडा ६५, सार्वजनिक शौचालयाची कडी ९०. सुरुवात तीस-चाळीसच्या आसपासच्या गोष्टीपासून करावी. कडीला पूर्ण तळवा लावावा, हात धुऊ नये, पुसू नये, आणि नेहमीचे काम सुरू ठेवावे. अस्वस्थता आधी चढेल, पण काहीच न करता ती बहुधा आपोआप ओसरू लागते. ओसरली नाही, तरी ती सोसता येते हे कळणेही तितकेच मोलाचे आहे. तीच कृती रोज करावी आणि ती कंटाळवाणी वाटू लागली की पुढची पायरी घ्यावी. इथे एक पळवाट हमखास निघते: ‘आता राहू दे, रात्री अंघोळीत घासून काढीन’ असे मनाशी ठरवणे. खिशातला सॅनिटायझर हीसुद्धा तीच पळवाट.

धुणे बंद करायचे नसते, ते नेमस्त करायचे असते. स्वयंपाक आणि जेवणाआधी, शौचानंतर, हात दिसण्याइतका मळला तर, साबणाने वीस सेकंद, एकदाच. वारंवार धुऊन भेगाळलेल्या त्वचेतून जंतूंना उलट वाटच मिळते.

घरच्यांचे काम अधिक कठीण असते. ‘कपडे बदललेस ना, नक्की?’ या प्रश्नाला प्रेमापोटी शंभरदा ‘हो’ म्हणणे म्हणजे सक्तीत भागीदार होणे होय. उत्तर काय द्यायचे ते शांत वेळी दोघांनी मिळून ठरवावे, उदाहरणार्थ, ‘याचे उत्तर मी देणार नाही, असे आपले ठरले आहे.’ चिडणे, थट्टा करणे किंवा नळ अचानक बंद करणे यांनी काहीही साधत नाही.

त्रास तीव्र असेल तर फ्लुओक्सेटीन, सर्ट्रालिन यांसारखी औषधे दिली जातात. त्यांचा पुरेसा गुण दिसायला ८ ते १२ आठवडे लागू शकतात, म्हणून पंधरवड्यात निराश होऊन ती स्वतःहून सोडू नयेत. कुठे जावे हे सुचत नसेल, तर टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ या विनामूल्य क्रमांकावर चोवीस तास मराठीतही बोलता येते. जगणे नकोसे वाटत असेल, तर मात्र यादी वगैरे बाजूला ठेवून त्याच दिवशी फोन करावा.