संस्कृत टायपिंगसाठी इनस्क्रिप्ट

देवस्थानची पत्रिका असो की संस्कृत स्तोत्र, रोमन स्पेलिंगमधून देवनागरी उमटवत बसण्यापेक्षा इनस्क्रिप्ट, म्हणजे भारतीय भाषांसाठीची कीबोर्डची सामायिक मांडणी, शिका. त्यात स्वर नि मात्रा डावीकडे, बहुतेक व्यंजनं उजवीकडे. त्यामुळे दोन्ही हात आळीपाळीने चालतात. दापोली तालुक्यातलं ‘कोळथरे’ लिहून बघा. क उजव्या हाताला, ओकार डाव्या. लच्या बटणावर शिफ्टसह ळ, तच्या बटणावर थ. शिफ्ट मात्र डावं दाबा, नाहीतर उजवा पंजा विनाकारण ताणला जातो. जोडाक्षराचा हलन्त (पाय मोडायचं चिन्ह) ‘डी’वर, म्हणजे डाव्या मधल्या बोटाखाली, संस्कृतात ते बोट सतत राबतं. सुरुवातीला वैताग येतोच. कारवारच्या मावशीला कन्नडमध्ये लिहायचं असेल तर फक्त भाषा बदला, कची जागा तीच.