आठवणी पिणारा दगड कसा बनवायचा (गोष्टीसाठी, खराखुरा नाही)

आठवणी आणि भावना शोषून घेणारा दगड, माती, शेवाळ, काहीही. गोष्टीत किंवा गेममधे असलं काहीतरी घालायचा मोह बऱ्याच जणांना होतो आणि आयडिया भारीच आहे, फक्त लोक काय करतात तर दगड हातात धरला, निळा उजेड पडला, दुःख गेलं, संपलं. मीपण हेच केलं होतं. दुसऱ्याच चॅप्टरमधे हिरॉईनचं सगळं दुःख दगडाने पिऊन टाकलं आणि पुढची पानं लिहायला माझ्याकडे काही उरलंच नाही. तर तो दगड काय घेतो हे नंतर बघा, तो मागे काय ठेवतो हे आधी ठरवा.

म्हणजे कसं, तर आठवण आणि भावना हे एकच गाठोडं नाहीये. मेंदूचे वेगवेगळे भाग यात कामाला असतात, घटना साठवायचं काम मुख्यतः हिप्पोकॅम्पस नावाच्या भागाचं, भीती जोडून ठेवायचं काम जास्त करून अमिग्डला नावाच्या भागाचं, आणि हात-पाय जे शिकतात ते तिसरीकडेच. १९११ मधे क्लापारेद नावाच्या स्विस डॉक्टरने एक किस्सा लिहून ठेवलाय. त्याच्या एका पेशंटला नवीन काहीच लक्षात राहायचं नाही, रोज ती त्याला नव्याने भेटायची. एक दिवस त्याने हातात टाचणी लपवून तिच्याशी हात मिळवला (आज असं केलं तर लायसन्स जाईल). नंतर तो परत हात पुढे करायला लागला तर तिने हात मागे घेतला, का ते तिला सांगता येईना. आठवण नाही पण धसका आहे! तसाच दुसरा पेशंट हेन्री मोलेसन बघा, १९५३ मधे मेंदूचं ऑपरेशन झालं आणि नव्या घटना लक्षात राहणं बंद झालं, तरी आरशात बघून चांदणी गिरवायला तो शिकला, दिवसागणिक हात सुधारत गेला आणि प्रत्येक वेळी त्याला वाटायचं आपण हे पहिल्यांदाच करतोय.

आता हे दगडाला लावा. दगडाने फक्त घटना प्यायली आणि धसका ठेवला तर तुमचा माणूस एका ठरावीक दाराजवळ आला की घामाघूम होतो आणि का ते त्याला कळत नाही. फक्त भावना प्यायली तर आईचं जाणं त्याला तारीखवार आठवतं पण बातमी वाचल्यासारखं सांगतो, आणि घरचे लोक त्याच्याकडे बघत बसतात. मला दुसरं जास्त भयानक वाटतं, पण तुमचं तुम्ही ठरवा. दोन्ही पितो असं मात्र करू नका, तिथेच माझी गोष्ट मेली होती.

मग दगड पितो कधी? सारखा पीत असेल तर खाणीतले कामगार आठवड्यात स्वतःचं नाव विसरतील. इथे मेंदूची एक खरी गंमत उचला. २००० साली मेंदूवर काम करणाऱ्या करीम नादर आणि त्याच्या सोबत्यांनी उंदरांवर प्रयोग केला, त्यात दिसलं की जुनी पक्की झालेली भीतीची आठवण परत जागी केली की ती थोडा वेळ कच्ची होते, आणि त्याच वेळात औषधाने तिला परत पक्कं होऊ दिलं नाही तर ती पुसट होते. म्हणजे नियम असा करा की माणूस जी आठवण आत्ता, या मिनिटाला मनात आणतोय तेवढीच दगडाला ओढता येते. मग विसरायचं असेल तर आधी ते सगळं परत एकदा भोगावं लागेल, आणि बरीच माणसं अर्ध्यात दगड खाली ठेवतील. अर्धी गेलेली आठवण ही वेगळीच डोकेदुखी, ती वापराच.

दगडाची जात ठरवताना हवेतून काही आणायची गरज नाही, निसर्गात साठवणारे दगड आहेत. लाव्हा थंड होताना त्यातल्या लोहखनिजात त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकाची दिशा बंद होऊन बसते आणि कितीतरी वर्षांनी वाचता येते. पण माझा सगळ्यात लाडका म्हणजे क्वार्ट्झ, आपली गारगोटी. आजूबाजूच्या मातीतल्या किरणोत्सर्गाने त्याच्यात इलेक्ट्रॉन अडकत जातात, वर्षानुवर्षं, आणि तापवला की ती साठवण उजेड होऊन बाहेर पडते. एकदाच. परत तापवा, तो उजेड नाही, कारण आतलं रिकामं झालं. जुन्या मडक्यांचं वय यावरूनच काढतात. साधा सूर्यप्रकाशसुद्धा त्याला रिकामं करतो, म्हणून वाळूचे असे नमुने बंद नळकांड्यात भरून आणतात आणि लॅबमधे मिणमिणत्या लाल दिव्यात उघडतात. आणि १६६३ मधे रॉबर्ट बॉईल या शास्त्रज्ञाने अंधारात एक हिरा अंगाशी धरला तर तो अंगाच्या उबेने मंद चमकला, हे लिहून ठेवलंय!

बघा किती फुकटचे नियम मिळाले. खाण रात्री चालते. व्यापारी माल काळ्या कापडात बांधून आणतो, उन्हात उघडा टाकला की माल गेला. दुसऱ्याची आठवण वाचायची तर दगड मुठीत गरम करायचा, आणि एकदा वाचली की संपली, म्हणजे कोर्टात पुरावा म्हणून दगड आला तर तो नेमका कोणी वाचायचा यावरच मारामारी. (हा प्लॉट घ्या कोणीतरी, मला वेळ नाहीये.)

मर्यादा पण हवी. खास तयार केलेला (ॲक्टिवेटेड) कोळसा वास ओढतो तो पृष्ठभागावर धरून, आतल्या बारीक भोकांमुळे एका ग्रॅमला हजार चौरस मीटरपेक्षा जास्त जागा असू शकते, तरी ती भरतेच. भरलेला दगड काय करतो? माझ्या मते गळतो. जवळ झोपणाऱ्याला दुसऱ्याचीच स्वप्नं पडतात. सिलिका जेलचे काही दाणे ओल प्यायले की निळ्याचे गुलाबी होतात तसा रंग बदलायला लावला तर वाचणाऱ्याला एका नजरेत कळतं, समजावून सांगत बसावं लागत नाही.

नावाबद्दल थोडं. 'स्मृतिशोषक पाषाण' वगैरे नका करू प्लीज, खाणीतला माणूस असं बोलेल का? मराठीत 'टिपणं' हा शब्द तयार बसलाय. ओल टिपतात, डोळे टिपतात, वहीत टिपून ठेवतात, आणि डोळ्यांतून गळतात तीही टिपंच. मी 'टीपखडा' केलं. वजन, किंमत, कुठल्या डोंगरात मिळतो हे नंतर भरलं तरी चालतं, वाचणारे त्यात फार अडकत नाहीत.

सुरुवात करताना ज्याने दगड वापरलाय त्याचा सीन लिहू नका. त्याच्या शेजारी राहणाऱ्याचा लिहा, ज्याला ती घटना अजून पूर्ण आठवतेय आणि आता ती बोलायला समोर कोणी उरलं नाहीये. एक पान, जास्त नको, आणि त्या पानात दगड दाखवूच नका.