दोन दिवसांची भूमिका आणि हातचे गमावलेले क्षण: चरित्र अभिनेत्यांनो, या चुका टाळा

हुतात्मा स्मृती मंदिर या नाट्यगृहात विनोदी प्रयोग गाजवलेला सोलापूरचा नट कमी खर्चाच्या मराठी चित्रपटात दोन दिवसांची भूमिका करायला जातो, तेव्हा त्याची पहिली चूक बहुधा हशासाठी थांबण्याची असते. रंगमंचावर हे थांबणे म्हणजे कसब. सेटवर मात्र टेक चालू असताना कोणी हसत नाही, आणि नटाने सोडलेली रिकामी जागा संकलक सरळ समोरच्या नटाचा चेहरा लावून भरून काढतो. थांबायचेच असेल तर काही करत थांबावे, म्हणजे पानाला चुना लावावा किंवा चष्मा पुसावा. पण चुना नेमक्या कोणत्या शब्दावर लावला हे पक्के ध्यानात ठेवावे, कारण एकाच कॅमेऱ्यावर तोच प्रसंग आधी दुरून आणि मग जवळून घेतात. दोन्ही वेळची हाताची हालचाल जुळली नाही, तर तुमचा क्लोजअपच वगळला जातो. मोठ्या निर्मितीत हे टिपून ठेवायला स्वतंत्र माणूस असतो, इथे तो पुष्कळदा चहाही सांगत असतो.

दुसरी चूक बोलीची. काही जण पुण्याला पोहोचेपर्यंत भाषा धुऊन काढतात, तर काही जण प्रत्येक वाक्याला सोलापुरी ‘का बे’ चिकटवतात, आणि दुसरा प्रकार मला अधिक खटकतो. सोलापूर शहराच्या पूर्व भागातल्या, घरी तेलुगू बोलणाऱ्या विणकराचे मराठी आणि करमाळ्याच्या शेतकऱ्याचे मराठी एक नव्हे. पात्र कुठले आहे हे ठरवल्याशिवाय ‘काय करलालास’ म्हणू नये.

तिसरी चूक संकोचाची आहे. पुण्याला जाणाऱ्या हुतात्मा एक्स्प्रेसचे भाडे कोण देणार, चित्रीकरण लांबले तर जादा दिवसाचे काय, डबिंगचे पैसे वेगळे की मानधनातच, हे होकार देण्यापूर्वी लेखी घ्यावे; मोबाइलवरचा संदेशही तोंडी शब्दापेक्षा बरा. शेवटचा हप्ता डबिंगपूर्वी मिळावा असे ठरवावे, कारण आवाज देऊन झाल्यावर निर्मात्याला तुमची गरज उरत नाही. माझा एक हप्ता असाच बुडाला आहे.

दारुडा किंवा हवालदार सलग तिसऱ्यांदा आला, तर नकार देण्याआधी दिग्दर्शकाकडे दुसरी भूमिका मागून पाहावी. आणि असे चित्रपट वर्षानुवर्षे पडून राहतात, म्हणून आपल्या प्रसंगांची चित्रफीत ठरावीक मुदतीनंतर स्वतःचे काम दाखवण्यापुरती मिळेल, एवढे एक वाक्य त्याच संदेशात घालून घ्यावे.